झुकझुक म्हणजे वाया गेलेली वाफ

गोंदियाच्या फलाटावर आज दिवसभर बसलात तरी वाफेचे इंजिन दिसायचे नाही. हावडा-मुंबई मार्गावरच्या गाड्या विजेवर धावतात. सातपुड्यातून धुराची रेघ ओढत येणारी ती छोटी लाइनही आता मोठी झाली. मग वाफ गेली का? जंक्शनवरून नागपूरकडे जाणारी गाडी धरा आणि तिरोड्याला उतरा. तिथल्या औष्णिक वीज केंद्रात प्रत्येकी 660 मेगावॅटचे पाच संच आहेत, एकूण 3300 मेगावॅट. ते सगळे वाफेवर फिरतात. एकट्या तिरोड्यात आज वाफ जेवढे काम करते, तेवढे काम झुकझुक गाडीच्या भर काळातही तिने या मुलखात कधी केले नव्हते. वाफेचा जमाना संपला म्हणणारे फक्त धुराड्याकडे पाहत असतात.

शाळेत आपण सगळे एक गोष्ट शिकलो. लहानगा जेम्स वॉट चुलीजवळ बसला होता, किटलीचे झाकण उडाले आणि वाफेच्या इंजिनाचा शोध लागला. गोष्ट गोड आहे, पण इंजिनाच्या बाबतीत खोटी आहे. वॉटचा जन्म 1736 सालचा. त्याच्या जन्माच्या 24 वर्षे आधीच इंग्लंडमधल्या एका कोळशाच्या खाणीवर वाफेचे यंत्र पाणी उपसू लागले होते. तेव्हा शोध कुणाचा, असा प्रश्न विचारला की एक नाव हाती येत नाही, एक रांग येते. त्या रांगेतल्या प्रत्येकाने आधीच्याच्या यंत्रात उष्णता कुठे वाया जाते ते हेरले आणि ती गळती बुजवली. वाफेच्या यंत्राचा इतिहास हा माझ्या मते या गळतीचाच इतिहास आहे.

रांगेच्या सुरुवातीला अलेक्झांड्रियाचा हेरॉन उभा करायची पद्धत आहे. इसवी सनाच्या पहिल्या शतकात त्याने वाफेच्या झोताने गरगर फिरणारा गोळा वर्णिला. पण त्या गोळ्याने एक बादली पाणीही कधी उपसले नाही, म्हणून त्याला नमस्कार करून पुढे जाऊ. खरी सुरुवात वाफेपासून नव्हे, हवेपासून झाली. टॉरिचेलीने 1643 मध्ये हवेला वजन असते हे पाऱ्याच्या नळीने दाखवले. जर्मनीतल्या ओटो फॉन गेरिकेने पोकळीच्या प्रयोगांतून त्या वजनाची ताकद लोकांच्या डोळ्यांपुढे आणली. गरम भाजी स्टीलच्या डब्यात भरून झाकण लावले, की थंड झाल्यावर ते हलता हलत नाही, हा अनुभव प्रत्येक घरात आहे. आतल्या वाफेचे पाणी होते, पोकळी तयार होते आणि बाहेरची हवा झाकण दाबून धरते. पहिली इंजिने चालली ती या दाबावर. वाफेचे काम फक्त पोकळी करून देण्यापुरते होते.

ही युक्ती दट्ट्याला प्रथम जोडली ती देनी पापाँने. हा फ्रेंच प्रोटेस्टंट धर्मछळामुळे मायदेशाबाहेरच राहिला. 1679 मध्ये त्याने घट्ट झाकणाचे भांडे केले, त्यात हाडेसुद्धा मऊ शिजत. भांडे फुटू नये म्हणून त्याने त्यावर वजनाची झडप बसवली. आपल्या कुकरच्या शिटीचा तो थेट पूर्वज. 1690 मध्ये त्याने नळकांड्यात थोडे पाणी उकळून दट्ट्या वर चढवला, मग नळकांडे थंड होऊ दिले आणि हवेने दट्ट्या खाली ढकलला. इंजिनाचा सगळा गाभा या खेळण्यात होता. पापाँ पुढे लंडनमध्ये गरिबीत मेला. त्याची शिटी मात्र आपल्याकडे रोज सकाळी वाजते.

इंग्लंडातल्या टॉमस सेव्हरीने 1698 मध्ये खाणीतले पाणी वाफेने ओढण्याच्या पंपाचे पेटंट घेतले. पंप फारसा चालला नाही, पेटंट मात्र चांगले चालले. संसदेने त्याची मुदत 1733 पर्यंत वाढवली. त्यातले शब्द इतके मोघम होते, की पुढे जो कोणी आगीच्या बळावर पाणी उपसेल त्याला सेव्हरीची परवानगी लागणार होती. आणि हे बंधन पडले टॉमस न्यूकोमेनवर, ज्याने खरे चालणारे पहिले इंजिन बांधले.

न्यूकोमेन हा डार्टमथचा लोखंडी सामानाचा व्यापारी, विद्यापीठाशी काही संबंध नसलेला. 1712 मध्ये डडली किल्ल्याजवळच्या खाणीवर त्याचे यंत्र उभे राहिले. मिनिटाला सुमारे बारा खेपा, दर खेपेला सुमारे 45 लिटर पाणी आणि तेही 46 मीटर खोलीवरून. ताकद जेमतेम साडेपाच अश्वशक्ती, म्हणजे आजच्या शेतातल्या पाच एचपीच्या मोटारीएवढी. फरक इतकाच, की त्यासाठी दुमजली इमारत लागे. नळकांड्यात आधी वाफ भरायची, मग आतच थंड पाण्याचा फवारा सोडायचा, की वाफ आटून दट्ट्या खाली येई. पुढच्या खेपेला तेच थंड पडलेले नळकांडे पुन्हा तापवायचे. वाफेचा मोठा हिस्सा लोखंड तापवण्यातच खर्ची पडे. कोळशातल्या उष्णतेचा शंभरावा हिस्सासुद्धा कामी येत नसे.

मग अशी उधळी यंत्रे पन्नास-साठ वर्षे चालली कशी? याचे उत्तर गोंदियाच्या माणसाला चटकन कळेल. धान भरडले की वजनाच्या सुमारे पाचवा हिस्सा तूस निघते. राइस मिलमध्ये हेच तूस बॉयलरखाली जाते, त्याच वाफेवर उसन्या तांदळाचे धान शिजते आणि वाळते. अरवा काढणाऱ्या मिलला एवढी वाफ लागत नाही, पण उसन्याचे काम वाफेशिवाय होत नाही. तूस घरचेच असते, तेव्हा बॉयलर थोडे जास्त खातो का याची चिंता मालक रात्र जागून करत नाही. तुसाला बाजारात भाव आला, की मात्र हिशेब सुरू होतो. न्यूकोमेनचे इंजिन कोळशाच्या खाणीच्या तोंडावर उभे असे आणि जो चुरा कुणी विकत घेत नसे तो खाई. इंधन फुकट असले की उधळपट्टी दिसत नाही.

ती दिसली कॉर्नवॉलमध्ये. तिथे कथील आणि तांब्याच्या खाणी, पण कोळसा नाही. तो जहाजाने आणावा लागे. जेम्स वॉटची खरी गिऱ्हाइके ही.

वॉट ग्लासगो विद्यापीठात उपकरणे दुरुस्त करणारा कारागीर होता. 1763-64 च्या हिवाळ्यात वर्गातले न्यूकोमेन इंजिनाचे लहान प्रतिरूप त्याच्याकडे दुरुस्तीला आले. ते दोन-चार खेपा मारून थांबे. यंत्र बिघडलेले नव्हते, लहान असल्याने त्याची गळती जास्त उघडी पडत होती. वॉटने मोजायला सुरुवात केली. वाफेत किती उष्णता लपलेली असते हे त्याच विद्यापीठातल्या जोसेफ ब्लॅकने शोधले होते. दोघांचे बोलणे होई. मे 1765 मधल्या एका रविवारी ग्लासगो ग्रीनवर फिरताना वॉटला सुचले, की वाफ नळकांड्यात थंड करायचीच नाही. तिला शेजारच्या वेगळ्या भांड्यात ओढून तिथे थंड करायचे. नळकांडे सदा गरम राहील, ते भांडे सदा थंड राहील. हाच तो वेगळा कंडेन्सर. त्याचे पेटंट 1769 चे.

पण सुचणे वेगळे आणि करणे वेगळे. दट्ट्या घट्ट बसेल असे गोल नळकांडे कुणालाच कातता येत नव्हते. ते जॉन विल्किन्सनने तोफा कोरण्यासाठी केलेल्या यंत्राने जमले. पैसा आणि बाजार बर्मिंगहॅमच्या मॅथ्यू बोल्टनने दिला. 1776 पासून इंजिने चालू लागली. बोल्टन आणि वॉट या दोघांनी इंजिन विकण्याऐवजी वाचलेल्या कोळशाच्या किमतीचा तिसरा हिस्सा मागितला. खाणमालक आधी खूश होते, मग दर वर्षी पैसे मोजताना चिडू लागले. पुढे वॉटने दट्ट्याला दोन्ही बाजूंनी काम दिले, चाक फिरवणारी योजना केली, वेग राखणारा गव्हर्नर बसवला आणि घोड्याच्या कामाशी तुलना करून अश्वशक्तीचे माप रूढ केले.

वॉट थोर होता यात वाद नाही, पण एक गोष्ट त्याच्या नावावर लिहिलीच पाहिजे. त्याच्या पेटंटची मुदत संसदेने 1800 पर्यंत वाढवली आणि तोवर त्याने इतरांना वाटेत उभे राहू दिले नाही. दोन नळकांड्यांत वाफ क्रमाने वापरण्याची जोनाथन हॉर्नब्लोअरची योजना याच पेटंटाखाली दबली. जास्त दाबाच्या वाफेला तर वॉटचा कडवा विरोध होता, बॉयलर फुटतील म्हणून. सेव्हरीच्या पेटंटने न्यूकोमेनला जे भोगायला लावले, तेच वॉटच्या पेटंटने पुढच्यांना भोगायला लावले.

जास्त दाबाची वाफ वापरायचे धाडस केले कॉर्नवॉलच्याच रिचर्ड ट्रेव्हिथिकने. वाफेचा दाब पुरेसा वाढवला, तर पोकळी लागत नाही, कंडेन्सर लागत नाही, इंजिन लहान होते आणि ते गाडीवर चढवता येते. 1801 च्या नाताळच्या आदल्या दिवशी त्याची वाफेची गाडी रस्त्यावर चढ चढली. काही दिवसांत ती जळूनही गेली, कारण मंडळी खानावळीत बसली आणि बॉयलरखालची आग तशीच राहिली. 21 फेब्रुवारी 1804 रोजी वेल्समधल्या पेनिडॅरन येथे त्याच्या इंजिनाने दहा टन लोखंड आणि सुमारे सत्तर माणसे रुळांवरून सोळाएक किलोमीटर ओढून नेली. वेळ लागला चार तासांहून थोडा जास्त. इंजिन ठीक होते, बिडाचे रूळच तुटले. 1803 मध्ये ग्रीनिचला त्याचा एक बॉयलर फुटून चार माणसे मेली. त्यानंतर त्याने बॉयलरला शिशाचा प्लग बसवला. पाणी फार खाली गेले तर शिसे वितळते आणि आग विझते. आपल्याकडे 1923 च्या बॉयलर कायद्याने तपासणी आणि प्रमाणपत्राची सक्ती केली, तिच्यामागे अशाच अपघातांची शंभर वर्षे आहेत.

ट्रेव्हिथिकने आणखी एक गोष्ट केली. वापरलेली वाफ त्याने धुराड्यात सोडली. झुकझुक हा आवाज तिथला. नळकांड्यातून काम करून निघालेली वाफ धुराड्यातून वर फेकली जाते, तिचा तो हुंकार. दोन नळकांड्यांच्या इंजिनात चाकाच्या एका फेऱ्याला असे चार हुंकार येतात. म्हणजे कवींना आणि लहान मुलांना भुरळ घालणारा तो ताल हा उष्णता वाया जाण्याचा आवाज होता. पण पूर्ण वायाही नाही. वर जाणारी वाफ आपल्यामागे धूर ओढते, त्यामुळे भट्टीत नवी हवा येते आणि आग फुलते. चढ लागला, इंजिन जोराने फुंकू लागले, की आग आपोआप जास्त पेटते. जेवढे कष्ट तेवढी भूक, असे हे यंत्र.

पुढचा भाग सर्वांना माहीत असतो. जॉर्ज स्टीफन्सनची 1825 मधली स्टॉकटन-डार्लिंग्टन रेल्वे, 1829 ची रेनहिलची शर्यत, बाप-लेकांचे रॉकेट इंजिन. रॉकेट जिंकले ते बॉयलरातून गेलेल्या 25 तांब्याच्या नळ्यांमुळे. आगीचा स्पर्श जास्त पाण्याला झाला, गळती आणखी एक पाऊल कमी झाली. ही कल्पना स्टीफन्सनची नव्हे, शर्यत भरवणाऱ्या रेल्वे कंपनीचा सचिव हेन्री बूथ याची होती. फ्रान्समध्ये मार्क सेगँ त्याच वाटेवर स्वतंत्रपणे पोचला होता.

त्याच सुमारास मुंबईत काय चालले होते, हे मात्र फार कमी जणांना ठाऊक असते. जहाजबांधणीच्या वाडिया घराण्यातल्या अर्देशीर कर्सेटजीने 1833 मध्ये स्वतःच्या हाताने एक अश्वशक्तीचे वाफेचे इंजिन बनवले. पुढे तो मुंबईच्या सरकारी वाफ-कारखान्याचा मुख्य अभियंता झाला आणि 1841 मध्ये लंडनच्या रॉयल सोसायटीचा सभासद, हा मान मिळवणारा पहिला भारतीय. पाठ्यपुस्तकात किटलीला जागा आहे, अर्देशीरला नाही. 16 एप्रिल 1853 रोजी बोरीबंदरहून ठाण्याकडे साहिब, सिंध आणि सुलतान या तीन इंजिनांनी चौदा डबे ओढले. 1867 मध्ये रूळ नागपूरला पोचले. दहा वर्षांनी, 1 जानेवारी 1877 रोजी, जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल नागपुरात वाफेवर सुरू झाली. कापूस शेजारी, वरोऱ्याचा कोळसा जवळ आणि माल न्यायला रेल्वे, म्हणून मुंबई सोडून नागपूर.

नागपूरच्या पूर्वेला मात्र अजून बैलच होता. छत्तीसगडचे धान्य बंजाऱ्यांच्या तांड्यांतून, पाठीवर गोण्या लादलेल्या बैलांवरून येई. 1876 ते 78 च्या दुष्काळात धान्य एकीकडे आणि भुकेली माणसे दुसरीकडे असे झाले, तेव्हा सरकारने नागपूर-छत्तीसगड रेल्वे हाती घेतली. ती 1882 पर्यंत राजनांदगावला पोचली. गोंदिया याच मार्गावरचे. मार्ग मीटरगेजचा होता, कारण व्हाइसरॉय लॉर्ड मेयोच्या काळापासून काटकसरीसाठी अरुंद रूळ टाकायचे धोरण होते. काटकसर महागात पडली. मुंबईकडून येणारी लाइन रुंद, ही अरुंद, त्यामुळे नागपूरला प्रत्येक पोते एका डब्यातून काढून दुसऱ्यात टाकावे लागे. 1887 मध्ये बंगाल-नागपूर रेल्वे कंपनी स्थापन झाली. तिने पुढच्या वर्षी ही लाइन घेतली, रुंद केली आणि 1891 मध्ये आसनसोलला नेऊन भिडवली.

या मार्गावर गोंदियाहून पूर्वेला आमगाव, सालेकसा करत गाडी दरेकशाला येते, आणि तिथून डोंगरगडच्या बाजूला जंगल, वळणे, चढ आणि बोगदा. रेल्वेच्या कागदावर हा छोटासा घाट. फायरमनच्या पाठीला तो छोटा नव्हता. वाफेच्या इंजिनात एक किलो कोळसा सहा-सात किलो पाण्याची वाफ करतो आणि हा कोळसा फावड्याने, हलत्या इंजिनावर उभे राहून, भट्टीच्या नेमक्या कोपऱ्यात टाकावा लागतो. जाड थर पडला की धूर, विरळ पडला की थंड हवा आत. अशा घाटात चढाला जोर लावायचा, तो बोगद्याच्या तोंडाशी, आणि आत शिरल्यावर स्वतःचाच धूर गिळायचा. शोधकांच्या यादीत फायरमनचे नाव नसते. पण चांगल्या आणि वाईट फायरमनमध्ये टनावारी कोळशाचा फरक पडे.

1903 पासून बंगाल-नागपूर कंपनीने गोंदियाहून उत्तरेला 762 मिलिमीटरची छोटी लाइन टाकली. बालाघाट, नैनपूर करत ती 1905 मध्ये जबलपूरला पोचली. 1908 मध्ये दुसरी छोटी लाइन सौंदड, अर्जुनी, वडसा करत नागभीडकडे गेली आणि पुढे चांद्याला मिळाली. मीटरगेज, ब्रॉडगेज, नॅरोगेज, तीनही रुंदीच्या रुळांवरची वाफ ज्या गावाने पाहिली असे गोंदियासारखे गाव विरळाच. छोट्या लाइनवरचे सीसी वर्गाचे इंजिन ग्लासगोच्या नॉर्थ ब्रिटिश कंपनीने बांधलेले होते. म्हणजे वॉटने ज्या गावात कंडेन्सरचा विचार केला, त्याच गावचे इंजिन सातपुड्यात साग आणि तेंदूपत्त्याच्या रानातून धावले. पुढे चार लहान चाके वळण शोधायला, मधली सहा मोठी ओढायला, मागची दोन भट्टीचे ओझे पेलायला.

मोठ्या लाइनवर बंगाल-नागपूर कंपनीने दुसरे टोक गाठले. हर्बर्ट गॅरॅटच्या पेटंटावरून मँचेस्टरच्या बेयर-पीकॉकने बांधलेली तिची एन वर्गाची इंजिने 234 टनांची होती. दोन इंजिनांच्या मधोमध पुलासारखा टांगलेला एक प्रचंड बॉयलर. त्यातले 811 क्रमांकाचे दिल्लीच्या रेल्वे संग्रहालयात उभे आहे. विसाव्या शतकात वाफ पुन्हा तापवून कोरडी करण्याची जर्मन विल्हेल्म श्मिटची युक्तीही सर्रास झाली. इतके करूनही आगगाडीचे इंजिन कोळशातल्या उष्णतेचा सात-आठ टक्क्यांच्या वर उपयोग क्वचितच करी. कंडेन्सर डोक्यावर घेऊन धावता येत नाही, ही त्याची मर्यादा. चित्तरंजनने शेवटचे ब्रॉडगेज वाफेचे इंजिन 1970 मध्ये बांधले, त्याचे नाव अंतिम सितारा. ब्रॉडगेजवर वाफेची शेवटची नियमित गाडी 6 डिसेंबर 1995 रोजी पंजाबात धावली.

मग तिरोड्याला काय चालते? चार्ल्स पार्सन्सने 1884 मध्ये दट्ट्याच काढून टाकला. वाफ पात्यांच्या ओळींवर सोडली, की दांडा सरळ फिरतो, वर-खाली नाही. तिरोड्याचे संच या टर्बाइनवर चालतात. बॉयलरात पाण्याला 221 बारच्या वर दाबून 374 अंशांच्या पुढे नेतात, तेव्हा पाणी आणि वाफ हा भेदच उरत नाही, बुडबुडाही येत नाही. पात्यांतून बाहेर पडणारी वाफ मग एका वेगळ्या थंड भांड्यात ओढली जाते, तिथे तिचे पाणी होते, पोकळी राहते. हे भांडे म्हणजे ग्लासगो ग्रीनवर सुचलेला वॉटचा कंडेन्सर. दट्ट्या गेला, झुकझुक गेली, ते भांडे राहिले. 1800 पर्यंत बोल्टन आणि वॉटने सुमारे पाचशे इंजिने उभी केली. प्रत्येकाला वीस अश्वशक्ती दिल्या, तरी सगळी मिळून साडेसात मेगावॅट होतात. तिरोड्याचा एक संच त्याच्या जवळजवळ नव्वद पट, आणि तो कोळशातल्या उष्णतेचा चाळीस टक्क्यांच्या आसपास भाग वापरतो. उरलेले साठ टक्के शीतक मनोऱ्यांतून आणि धुराड्यातून आकाशात जातात. न्यूकोमेनच्या नव्याण्णवावरून साठावर यायला तीनशे वर्षे लागली.

न्यूकोमेनचे एकही खरे चित्र उपलब्ध नाही, तो कसा दिसत होता हे कुणाला सांगता येत नाही. आपल्या फायरमनांचे तसे होऊ नये. नागपूरच्या मोतीबागेत नॅरोगेजचे संग्रहालय आहे, मुलांना घेऊन तिथे जरूर जा. आणि गोंदिया, आमगाव, अर्जुनी, सौंदड भागात ज्यांच्या घरी आजोबांचे रेल्वेचे सेवापुस्तक, शेडमधला फोटो, जुन्या मिलच्या बॉयलरचे प्रमाणपत्र ट्रंकेत पडलेले असेल, त्यांनी ते रद्दीत घालू नये. नाव, गाव आणि साल मागे लिहून ठेवावे.